नऊ चाळीस, पण कुणाचे?

६ मे, चेंबूर

या महिन्यात आत्याचं सहस्रचंद्रदर्शन करायचं ठरतंय. गुरुजींनी पत्रिका मागितली. ती २००५ च्या २६ जुलैला कुर्ल्याच्या घरात पाणी शिरलं तेव्हाच लगदा झाली. उरलीय फक्त आजोबांची टिपणवही. तीत लिहिलंय : वैशाख, १९४४, परळ, सकाळी ९.४०. खाली दोन रेघा. आजोबांची खात्री असली की ते दोन रेघा मारायचे, वाण्याच्या हिशेबाखालीसुद्धा.

फोनवर गुरुजी म्हणाले, "नऊ चाळीस ठीक आहे हो ताई, पण घड्याळ कुठलं?"

७ मे

प्रश्न वाटला तितका येडपट नाही. दुपारभर कागदावर मांडत बसले.

मुंबई टाइम ग्रिनिचच्या पुढे ४ तास ५१ मिनिटं. रेल्वे चालायची मद्रास टाइमवर, म्हणजे आणखी अर्धा तास पुढे. १८८१ साली गव्हर्नर जेम्स फर्ग्युसनने मद्रासची वेळ सरकारी कामात आणून पाहिली. शहर ऐकेना, दोन वर्षांत गुंडाळावी लागली. मग १९०६ च्या १ जानेवारीपासून साडेब्याऐंशी अंश रेखावृत्ताची वेळ साऱ्या देशाला लागू झाली. एका अंशाला चार मिनिटं या हिशेबाने मुंबईचं घड्याळ ३९ मिनिटं मागे पडलं. म्हणजे गिरणीचा भोंगा तितका आधी, अंधारातच. त्याच जानेवारीत जेकब ससून गिरणीतले हजारो कामगार बिथरून बाहेर पडले. लोकांना विश्वासात न घेता वेळ बदलायची नाही, असं फिरोजशहा मेहतांनी महापालिकेत बजावलं. सबब मुंबई टाइम चालूच राहिला, थेट १९५५ पर्यंत! एकाच शहरात स्टेशनवर एक वाजलेला, बाजारात दुसरा. पन्नास वर्षं लोकांनी मनातल्या मनात ३९ मिळवले नाहीतर वजा केले. आम्हाला दोन मिनिटं लोकल उशिरा आली तर चालत नाही.

(गंमत म्हणजे कुर्ल्याहून चेंबूरला रूळ आले तेही १९०६ सालीच. त्यावरून माणसं जायला मात्र १९२४ उजाडलं.)

एवढ्यावर भागलं असतं. पण आत्याचा जन्म युद्धातला. १ सप्टेंबर १९४२ पासून १५ ऑक्टोबर १९४५ पर्यंत सरकारने घड्याळं आणखी एक तास पुढे केली होती. त्याला लोक वॉर टाइम म्हणत. युद्धाच्या वर्षांतली पत्रिका समोर आली की जुने ज्योतिषी आजही आधी तो तास वजा करतात.

तर आता तीन शक्यता. वहीतली वेळ वॉर टाइमची असेल तर आजच्या घड्याळात ८.४०. साध्या स्टँडर्डची असेल तर ९.४०. मुंबई टाइमची असेल तर १०.१९. पहिल्या हिशेबाने वृषभ लग्न, पुढच्या दोन्हींनी मिथुन.

९ मे

आत्याला सांगितलं. कैरी किसत होती, किसणी थांबली नाही.

"बाबा रेल्वेत. त्यांच्या खिशात रेल्वेचं घड्याळ. झालं की मग."

"पण ते घरी होते का तेव्हा?"

"छे! ते कामावर. वेळ सांगितली सुईणीनं. आणि सुईणीला कुठलं आलंय घड्याळ, तिला शेजारच्यांनी सांगितली असणार." मग जरा थांबून, "आई म्हणायची, गोदी उडाली आणि महिन्याच्या आत तू झालीस. तिचं पंचांग तेवढंच."

गोदी उडाली १४ एप्रिल १९४४ ला. व्हिक्टोरिया गोदीत उभ्या फोर्ट स्टिकिन जहाजात एकाच वेळी कापूस आणि दारूगोळा भरलेला होता. दुपारी चारच्या सुमाराचा पहिला स्फोट. कुठले चार, ते आता विचारत नाही.

१२ मे

गुरुजींना तिन्ही वेळा वाचून दाखवल्या. ते हसले. शांतीला तिथी, नक्षत्र पुरे, म्हणाले, आणि नक्षत्र तिन्ही वेळांना एकच येतंय. लग्नाची गरजच नाही.

इतका खटाटोप फुकट. आत्या मात्र खूश. "म्हणजे दोन्ही लग्नं माझीच? पेपरात भविष्य चांगलं येईल ते धरीन." पेपरातलं भविष्य राशीचं असतं, लग्नाचं नसतं, हे तिला सांगितलं नाही.

१५ मे

आज मुंबईत शून्य सावली. शेजारची मुलं गच्चीवर जमली होती. मी साखरेचा स्टीलचा डबा नेला, कारण तेवढीच एक वस्तू घरात सरळसोट. आत्या छत्री घेऊन जिन्याच्या दारात, स्टुलावर.

ढग येऊन जाऊन. १२ वाजून ३५ मिनिटांनी डब्याची सावली चारी बाजूंनी आत गेली. मोबाइलवर पाहिलं, मग सवयीने ३९ वजा केले : ११.५६. सूर्य बरोबर डोक्यावर आणि मुंबई टाइमला बारा वाजायला अजून चार मिनिटं! पृथ्वीची चाल वर्षभर सारखी नसते, म्हणून घड्याळात सरासरी सूर्य धरतात. ज्याच्यासाठी शहर एवढं भांडलं, तेही सूर्याचं नव्हतंच तर.

"भरलेला डबा आणलास की काय?" आत्या ओरडली. "उचल, पाघळेल साखर."

उचलताना बोटांना चटका बसला. खालची गोल लादी तेवढी गार होती.