मंडालेतील दीड दिवस

एखादी जुनी राजधानी दीड दिवसात पाहणे म्हणजे एखाद्या थोर पुरुषाचे चरित्र त्याच्या निधनानंतर वर्तमानपत्रात आलेल्या चार ओळींच्या स्फुटावरून जाणून घेण्यासारखे आहे. पण नोकरीधंद्यात गुंतलेल्या आमच्यासारख्यांच्या वाट्याला परक्या देशांतील राजधान्या येतात त्या अशाच, तुकड्यातुकड्यांनी. तेव्हा कुरकुर करीत न बसता जेवढे दिसेल तेवढे नीट पाहावे, अशा विचाराने सन २०१९ च्या डिसेंबरात आम्ही उभयता रंगूनहून मंडालेस जाऊन पोहोचलो. मोठ्या टोळीबरोबर हिंडण्याचा आम्हांस मनस्वी कंटाळा. पुढे निशाण उंचावून चालणारा एक इसम आणि त्याच्या मागे धावणारी तीस-चाळीस माणसे, हा देखावा पाहूनच आमचे पाय दुखू लागतात. म्हणून एक मोटार, तिचा चालक आणि एक वाटाड्या एवढाच सरंजाम आम्ही स्वतंत्रपणे ठरविला होता. खर्च थोडा अधिक आला; पण कोठे किती वेळ थांबावे हे ठरविण्याचा अधिकार हाती राहिला, आणि प्रवासात याहून मोठी चैन नाही.

वाटाड्या म्हणून जे गृहस्थ आले ते साठीच्या घरातले, शिडशिडीत व अतिशय मितभाषी होते. पूर्वी ते शाळेत इतिहास शिकवीत असत. त्यांचे इंग्रजी सावकाश चाले, पण शुद्ध होते. मोटार सुरू होताच त्यांनी आम्हांस प्रथम जे सांगितले ते पुढील दीड दिवस आमच्या मनातून गेले नाही. ते म्हणाले, "आमच्या राजांचे वाडे लाकडाचे असत. राजधानी हलवावयाची म्हणजे वाडाच उलगडून न्यावयाचा." आवा, तेथून अमरपुरा, पुन्हा आवा, पुन्हा अमरपुरा, असे ब्रह्मदेशाचे सिंहासन ऐरावतीच्या काठाकाठाने फिरत राहिले. शेवटी १८५७ साली मिंडोन राजाने मंडालेची आखणी केली, तेव्हा अमरपुऱ्याच्या वाड्याचे सागवानी खांब हत्तींकरवी नव्या जागी ओढून आणण्यात आले. म्हणजे मंडालेचा वाडा उभा राहिला त्या दिवशीच त्याची लाकडे जुनी होती!

शहराच्या मध्यभागी तो किल्ला आहे. चौकोनी, प्रत्येक बाजू सुमारे सव्वा मैल लांब, विटांचा तट वीस फुटांहून उंच, चारी दिशांस तीन-तीन मिळून बारा दरवाजे, आणि सभोवार दोनशे फूट रुंदीचा पाण्याने भरलेला खंदक. संध्याकाळच्या उन्हात त्या पाण्यात तटाचे तांबूस प्रतिबिंब पडले म्हणजे मनुष्य क्षणभर स्तब्ध होतो. मात्र आत शिरताच मोह उतरू लागतो. किल्ल्याचा बहुतेक भाग सैन्याच्या ताब्यात होता. परकीयांस पूर्वेच्या एकाच दरवाजाने प्रवेश, आणि तोही सरळ वाड्यापर्यंत. उजवीडावीकडे वळण्याची मुभा नव्हती.

आणि वाडा? मूळ वाडा १९४५ सालच्या मार्च महिन्यात, जपानी सैन्याकडून मंडाले परत घेण्याच्या लढाईत जळून गेला. टांकसाळ आणि टेहळणीचा मनोरा एवढेच काय ते वाचले. आज दिसतो तो १९९० नंतरच्या दशकात पुन्हा बांधलेला. सिमेंटच्या खांबांना तांबडा रंग, पत्र्याची छपरे, वर सोनेरी लेप. एकामागून एक रिकामी दालने ओलांडीत जाताना आम्हांस पुण्याचा शनिवारवाडा आठवला. तोही लाकडाचा, तोही १८२८ साली आगीत गेला. राहिले ते जोते, तट आणि दिल्ली दरवाजा. त्या जोत्यांवर उद्या कोणी सिमेंटचा सातमजली वाडा उभारून त्यास रंग दिला, तर पुणेकर काय म्हणतील? आम्ही तरी उघड्या जोत्याच्या बाजूने आहोत. रिकाम्या जोत्यावर पाहणाराची कल्पना वाडा बांधू शकते. रंगविलेल्या खांबांनी तिला जागाच उरत नाही. वाटाड्यांनी या पुनर्बांधणीची स्तुतीही केली नाही आणि निंदाही केली नाही. त्या काळी खंदक उपसण्यासाठी नागरिकांस सक्तीने कामास लावल्याबद्दल जगभर ओरड झाली होती, हे आम्हांस वाचून ठाऊक होते. ते आम्ही काढताच त्यांनी फक्त दोन्ही हातांचे तळवे एकदा पाहिले आणि पुढे चालू लागले.

टेहळणीचा मनोरा मात्र अस्सल आहे. बाहेरून वळसे घेत जाणाऱ्या जिन्याच्या एकशेएकवीस पायऱ्या चढून आम्ही वर गेलो. १८८५ च्या नोव्हेंबरात इंग्रजांच्या आगबोटी नदीने वर येत असताना सुपयालत राणीने येथूनच त्यांचे सैन्य पाहिले, अशी आख्यायिका आहे. लढाई पंधरवडाभरच चालली. २९ नोव्हेंबरास थिबा राजा शरण आला, आणि त्यास व राण्यांस बैलगाड्यांत बसवून नदीवर नेण्यात आले. पुढे मद्रास, आणि तेथून १८८६ साली रत्नागिरी. राजाच्या दिवाणखान्यांत गोऱ्या अंमलदारांचा क्लब थाटला. तो कर्झनसाहेबांनी पुढे तेथून हलविला, ही त्यांच्या कारकिर्दीतील एक चांगली गोष्ट म्हणावी लागेल.

मनोऱ्यावरून वाटाड्यांनी न विचारताच एका दिशेस बोट केले. "आपण महाराष्ट्रातले. तुमच्याकडचे सगळे जण तेच विचारतात. तुरुंग या तटाच्याच आत होता." आम्ही त्या दिशेस पाहत राहिलो. दिसत होती ती केवळ झाडी आणि सैन्याच्या बराकींची छपरे. सप्टेंबर १९०८ पासून जून १९१४ पर्यंत लोकमान्य टिळकांची सहा वर्षे या तटाच्या आत गेली. लाकडी गजांची खोली, उन्हाळ्यात भट्टीसारखी तापणारी. तेथेच १९१० च्या नोव्हेंबरापासून पुढल्या मार्चपर्यंतच्या पाच महिन्यांत पेन्सिलीने 'गीतारहस्य' लिहिले गेले, आणि तेथेच १९१२ साली पत्नीच्या निधनाची वार्ता त्यांस कळली. मराठी घरांत वाढलेल्या मनुष्याने हे सर्व शाळेपासून ऐकलेले असते. तरीही त्या उंचीवर उभे राहिल्यावर एक गोष्ट नव्याने अंगावर आली. लोकमान्यांचा जन्म १८५६ साली झाला तो रत्नागिरीस. म्हणजे रत्नागिरीचा पुत्र थिबाच्या तटाआड बंदीत होता, त्या सहाही वर्षांत थिबा रत्नागिरीस बंदीत होता. एकाच सरकारने दोन्ही कुलुपे लावली होती. कारण १९३७ पर्यंत ब्रह्मदेश हा हिंदुस्थानचाच एक प्रांत गणला जात असे.

हे आम्ही बोलून दाखविले. वाटाडे थोडा वेळ गप्प राहिले. मग म्हणाले, "तुमचे लोक तुरुंगाच्या दिशेस हात जोडतात, ते मी पुष्कळदा पाहिले आहे. पण आमच्या राजाला तुमच्या गावी कसे वागविले, हे मला कोणी सांगत नाही. आपण सांगाल काय?"

प्रश्न सरळ होता आणि त्यात उपहासाचा लेशही नव्हता. वागविणारे इंग्रज सरकार होते, आम्ही नव्हे, असे उत्तर देता आले असते, आणि ते खोटेही ठरले नसते. परंतु १८८५ साली या वाड्यात शिरलेल्या फौजेत गोऱ्यांपेक्षा हिंदी शिपाई अधिक होते, आणि रत्नागिरीस राजाच्या बंगल्याभोवती जे पहारे असत तेही आपल्याच लोकांचे. हे त्यांस आमच्याइतकेच ठाऊक होते. म्हणून आम्ही जे जाणत होतो ते अनुक्रमाने सांगितले. राजाचा तनखा ठरलेला होता आणि तो त्याच्या खर्चास पुरत नसे. १९१० च्या सुमारास खाडीवरील टेकडीवर त्याच्यासाठी लाल दगडाचा प्रशस्त वाडा तयार झाला. तेथून अथांग समुद्र दिसतो, पण त्यावरून परत जाण्याची परवानगी त्याला कधीच मिळाली नाही. डिसेंबर १९१६ मध्ये तो तेथेच वारला. देह मायदेशी नेऊ दिला नाही. थडगे रत्नागिरीतच आहे. २०१२ साली ब्रह्मदेशाचे अध्यक्ष तेथे येऊन गेले. एवढे त्यांस ठाऊक होते. त्यांना ठाऊक नव्हते ते पुढचे. राजाच्या थोरल्या मुलीचा वाड्यावर नोकरीस असलेल्या एका मराठा गृहस्थाशी संबंध जडला. त्यांची मुलगी तुतू. ती रत्नागिरीतच वाढली, तेथेच संसारास लागली, आणि गरिबीत पण शेजाऱ्यापाजाऱ्यांच्या आपुलकीत आपले दीर्घ आयुष्य कंठून गेली.

"ती कोणती भाषा बोले?" त्यांनी विचारले.

"मराठी," आम्ही म्हणालो.

त्यांनी तो शब्द स्वतःशी दोनदा उच्चारला. सिंहासनाचे दालन खाली आमच्या पायांशी होते. शहरात दिवे लागू लागले होते. आमच्या सौभाग्यवतींनी पुढे होऊन त्यांस एवढेच सांगितले की, तुतूला तेथे परकी म्हणून कोणी लेखीत नसे. हे सांत्वन होते की अधिक दुःखाचे काही, याचा निर्णय आम्हांस आजही करता आलेला नाही. आपल्या राजाची नात दुसऱ्या लोकांत पूर्णपणे मिसळून गेली, हे ऐकून मनुष्याने आनंद मानावा की शोक करावा?

दुसरे दिवशी सकाळी वाटाड्यांनी आम्हांस श्वेनानडॉ विहारात नेले, आणि मंडालेस येण्याचे सार्थक झाले. ही मिंडोन राजाची शयनगृहाची इमारत. १८७८ साली तो येथेच मरण पावला. पित्याचे भूत तेथे वावरते अशा समजुतीने थिबाने ती उलगडून किल्ल्याबाहेर नेऊन भिक्षूंस दान दिली. भयाने दिलेले ते दान! पण त्यामुळेच १९४५ च्या आगीतून मूळ राजवाड्याचा एवढा एक तुकडा वाचला. बाहेरचा सोन्याचा मुलामा ऊनपावसाने उडून गेला आहे आणि खाली काळपट सागवान उघडे पडले आहे. त्यावर देव, नर्तकी व वेलबुट्टी इतकी दाट कोरलेली की बोट ठेवावयास सपाट जागा मिळू नये. आत शिरल्यावर डोळे अंधारास सरावले म्हणजे हळूहळू सोने दिसू लागते. वाड्याच्या पन्नास रंगीत दालनांनी जे सांगितले नव्हते ते या एका खोलीने सांगितले. आम्ही येथे ठरलेल्या वेळेच्या दुप्पट थांबलो, आणि स्वतंत्र मोटार केल्याचे पैसे येथेच फिटले.

जवळच कुथोडॉ आहे. मिंडोनने संपूर्ण त्रिपिटक संगमरवराच्या ७२९ शिलांवर दोन्ही बाजूंनी कोरविले, आणि प्रत्येक शिलेवर पांढरी छत्री बांधली. काम १८६० साली सुरू होऊन १८६८ साली संपले. भाषा पाली, लिपी ब्रह्मी लोकांची. मूळची सोनेरी अक्षरे इंग्रजी फौजेचा तळ पडल्यावर नाहीशी झाली. आज ती काळ्या शाईने भरलेली आहेत. दगडाचा ग्रंथ लुटता येत नाही, त्याचे सोने तेवढे लुटता येते.

दुपारी महामुनीचे दर्शन. या मूर्तीस भाविकांनी लावलेल्या सुवर्णपत्रांचे थर इतके जाड झाले आहेत की मुखाखेरीज अंगाचा आकार उरलेला नाही. पत्र लावण्याचा अधिकार फक्त पुरुषांस. स्त्रियांनी दुरून पडद्यावर चित्र पाहावे, अशी योजना. आमच्या सौभाग्यवती त्या पडद्यासमोर हात जोडून बसल्या, आणि परत आल्यावर "मला इथून देवाचे तोंड तुमच्यापेक्षा चांगले दिसले" असे म्हणाल्या. मूर्ती स्वतःच १७८४ साली आराकानातून जिंकून आणलेली. तिच्यासोबत आलेले काशाचे काही पुतळे तर मूळचे अंकोरचे. ते सयामी राजांनी लुटले, त्यांच्याकडून पेगूने, पेगूहून आराकानाने, आणि शेवटी अमरपुऱ्याने. गुडघा दुखणाऱ्याने पुतळ्याचा गुडघा चोळावा, अशी श्रद्धा असल्याने त्यांचे अवयव गुळगुळीत झाले आहेत. चार राज्यांची लूट आता सांधेदुखीवर उपयोगी पडते.

सोनाऱ्यांच्या आळीत वर्ख कुटणारे तरुण पाहिले. किती वेळ कुटावयाचे हे ते पाण्यात तरंगणाऱ्या, भोक पाडलेल्या नारळाच्या करवंटीवरून मोजतात. ती भरून बुडाली की एक आवर्तन पुरे. आमच्याकडील लग्नाच्या घटिकापात्राची ही सख्खी बहीण!

सूर्यास्तास अमरपुऱ्याचा लाकडी पूल. आवाच्या सोडून दिलेल्या वाड्याच्या सागवानातून १८५० च्या सुमारास तो बांधला, लांबी पाऊण मैल. पूर्वीचे राजप्रासाद आता कोळ्यांच्या, भिक्षूंच्या व सायकली ढकलीत नेणाऱ्या पोरींच्या पायांखाली आहेत. वाटाडे एका खांबापाशी थांबून म्हणाले, "आमच्या राजांचे खरे घर हेच. यावरून सगळ्यांना जाता येते." निरोप घेताना त्यांनी एकच मागणे केले, थडग्याचे एक छायाचित्र पाठवावे.

पुढील फेब्रुवारीत आम्ही मुद्दाम रत्नागिरीस गेलो आणि छायाचित्र पाठविले. त्यांचे उत्तर तिसऱ्या दिवशी आले. त्यानंतर त्या देशात २०२१ साली लष्कराने सत्ता बळकावली, यादवी पेटली, आणि २८ मार्च २०२५ च्या ७.७ तीव्रतेच्या भूकंपाने मंडालेच्या तटास खिंडारे पडली. महामुनीच्या देवालयाचीही पडझड झाली. त्या दिवसानंतर आम्ही त्यांस दोन पत्रे लिहिली आहेत.

२०२० सालच्या त्या उत्तरात छायाचित्राबद्दल आभार मानून त्यांनी विचारले होते, तेथे झाडलोट कोण करते? आम्ही गेलो त्या सकाळी आसपासच्या घरांपैकी एका घरातील वृद्ध बाई आपले अंगण झाडून झाल्यावर तोच खराटा घेऊन थडग्यापुढची पाने लोटीत होत्या. ते आम्ही त्यांस कळविले.