अल्माग्रोची मावशी

स्पेनला जायचा बेत आखताय? मग माद्रिद, बार्सिलोना झाल्यावर एक दिवस अल्माग्रोसाठी ठेवा. माद्रिदच्या दक्षिणेला, सुमारे २०० किलोमीटरवर, ला मांचाच्या सपाट, वाऱ्याच्या मुलखात हे छोटंसं गाव आहे. पण मी तुम्हाला तिथे पाठवतेय ते एका मावशीसाठी.

पेद्रो आल्मोदोवारचा ‘व्होल्वेर’ (२००६) पाहिलाय? त्यातल्या गावाचे प्रसंग अल्माग्रोत चित्रित झाले. जाड भिंगांचा चष्मा लावणारी, धड दिसतही नसलेली पाउला मावशी आठवते? भाच्या भेटायला आल्या की खाऊचे डबे काढून देणारी! पडद्यावर ती काही मिनिटंच असते. पण ती जाते आणि खरी गोष्ट तिथून सुरू होते.

ही मावशी म्हणजे चुस लांप्रेआवे. जन्म माद्रिदचा, १९३० चा. शिकल्या चित्रकला, रमल्या सिनेमात, आणि तिथे छोट्या भूमिकाच करत राहिल्या. बेर्लांगाच्या ‘एल वेर्दूगो’तही (१९६३) त्या होत्या. ‘विमेन ऑन द व्हर्ज ऑफ अ नर्व्हस ब्रेकडाउन’मधली (१९८८) त्यांची दारवानबाई तर विसरताच येत नाही. धर्मात खोटं बोलायला मनाई, म्हणून ही बाई विचाराल ते खरंखरं सांगून मोकळी!

त्याआधी, १९८४ साली, आल्मोदोवारच्याच एका चित्रपटात त्या माद्रिदच्या कोंदट फ्लॅटमधली आजी झाल्या होत्या. तेव्हा वय अवघं ५३! त्या आजीला एकच ध्यास, गावी परत जायचं. बावीस वर्षांनी ‘व्होल्वेर’मध्ये चुस दिसतात त्या थेट गावच्या घरात. आणि ‘व्होल्वेर’चा अर्थ माहीत आहे? परतणं.

‘बेल एपोक’साठी (१९९२) त्यांना स्पेनचा मानाचा गोया पुरस्कार मिळाला. २००६ मध्ये कान महोत्सवाने सर्वोत्कृष्ट अभिनेत्रीचा पुरस्कार ‘व्होल्वेर’च्या सहा जणींना मिळून दिला. नायिका पेनेलोपे क्रूझ आणि काही मिनिटांची मावशी, दोघींचा मान एकच! २०१६ मध्ये चुस गेल्या.

अल्माग्रोत काय पाहाल? हिरव्या चौकटींच्या काचेच्या सज्जांनी वेढलेला मोठा चौक. त्याच चौकात सतराव्या शतकातलं, लाकडी सज्जांचं उघडं नाट्यगृह, कोरल दे कोमेदियास. जुलैत गेलात तर अभिजात नाटकांचा महोत्सव सापडेल, मात्र उन्हाची तयारी ठेवा. इथली हातविणीची लेस प्रसिद्ध आहे. आणि आपल्या जिभेला पटेल अशी एक गोष्ट म्हणजे कोवळ्या वांग्यांचं लोणचं! व्हिनेगर, लसूण आणि चक्क जिरं घातलेलं.

निघताना एक बरणी नीट गुंडाळून चेक-इन बॅगेत टाका. घरी गेल्यावर ती कुणाच्या हातात द्यायची, हे आठवायला तुम्हाला वेळ लागणार नाही.