बुटांच्या मुलखात : विजेवानो ते सांता क्रोचे

मंगळवार, विजेवानो

मिलानहून निघालेली गाडी शहर सोडताच भातखाचरांतून धावू लागते. इटलीत भात पाहून कोकणातला माणूस चक्रावेल, पण रिसोत्तोचा तांदूळ इथलाच. तिचिनो नदीचा पूल ओलांडला की विजेवानो. स्टेशनातून चालत दहा मिनिटांत माणूस थेट एका चौकात येऊन उभा राहतो. मिलानचा सत्ताधीश लुदोविको स्फोर्झा याने 1490 च्या दशकात बांधवलेला हा चौक तिन्ही बाजूंनी सारख्या कमानींचा आहे. चौकामागे किल्ला आहे आणि किल्ल्यात पादत्राणांचं संग्रहालय.

संग्रहालयात लुदोविकोची बायको बेआत्रिचे देस्ते हिची म्हणून दाखवली जाणारी एक सपाता आहे, पाचशे वर्षांपूर्वीची. लोक मात्र गर्दी करतात ती सुईसारख्या टाचेच्या बुटांपुढे. ही टाच 1953 च्या सुमारास आमच्याच गावात जन्मली, असं विजेवानो सांगतं. पॅरिसवाले रोजे विव्हिएचं नाव घेतात, फ्लॉरेन्सवाले आणखी कुणाचं. माझ्या मते पहिला मान कुणाचा यापेक्षा अडचण काय होती ते महत्त्वाचं. लाकडाची टाच एवढी बारीक केली की मोडते. आत पोलादाची सळई घातली तेव्हा कुठे ती उभी राहिली. म्हणजे ही फॅशनची गोष्ट जितकी, तितकीच लोहारकामाची. आणि विजेवानोत ते काम येणारे लोक होते.

पन्नास-साठच्या दशकांत हे गाव इटलीची बुटांची राजधानी होतं. घराघरांत शिलाई चाले. वरचे भाग शिवणं बायकांकडे असायचं, आणि बऱ्याच वेळा ते स्वयंपाकघरातल्या टेबलावर व्हायचं. रबर बेंझीनमध्ये विरघळवून डिंक करत, आणि तो डिंक त्याच खोलीत उघडा पडलेला असे. रक्त तयार होणंच थांबलेले, पुढे रक्ताचा कर्करोग झालेले रुग्ण मिलानच्या व्यावसायिक आजारांच्या रुग्णालयात येऊ लागले. डॉ. एन्रिको व्हिल्यानी यांनी त्या आजाराचा माग बुटांच्या डिंकापर्यंत काढला. बेंझीनचा असा वापर रोखणारा कायदा इटलीने 1963 मध्ये केला. त्या काळच्या नाजूक टाचेच्या बुटाखाली किती जणांचं रक्त नासलं, याची पाटी मला संग्रहालयात दिसली नाही. असायला हवी.

गावाचं बिंग फोडणारा माणूस गावातलाच होता. लुचो मास्त्रोनार्दी हा शाळामास्तर. त्याची ‘इल कॅल्झोलाइओ दी विजेवानो’ ही कादंबरी 1959 मध्ये ‘इल मेनाबो’ या नियतकालिकात आली. कारागिराचा कारखानदार होण्यासाठी पछाडलेला एक माणूस तिच्या केंद्रस्थानी आहे. पाठोपाठ 1962 मध्ये पत्रकार जॉर्जो बोक्काने लिहिलं, की इथे कारखाने हजार, पण पुस्तकाचं दुकान एकही नाही. गावाला ते फार झोंबलं. मास्तर 1979 मध्ये तिचिनोत बुडून मेला.

आज इथे बूट थोडेच बनतात. बूट बनवणारी यंत्रं मात्र बनतात. चामडं कापणारी, हाताने फिरवायची ती दांड्याची प्रेस जगभर गेली ती इथूनच. यंत्रनिर्मात्यांच्या राष्ट्रीय संघटनेचं कार्यालयही इथेच आहे. धंदा चीनला गेला, तर चीनला यंत्रं विकायची. विजेवानोच्या हिशेबीपणाला हे शोभतं.

बुधवार, स्त्रा

पादुआ आणि व्हेनिस यांच्यामध्ये ब्रेंता नदी संथ वाहते. काठावर व्हेनिसच्या सरदारांचे उन्हाळी वाडे आहेत आणि वाड्यांच्या मागच्या गल्ल्यांत बुटांच्या कार्यशाळा. लुइजी व्होल्तान याने 1898 मध्ये स्त्रा इथे यंत्रांवर बूट बनवणारा या पट्ट्यातला पहिला कारखाना काढला. त्याच्याकडे शिकलेल्यांनी आपापल्या कार्यशाळा थाटल्या, त्यांच्याकडे शिकलेल्यांनी आणखी. बायकांचे महागडे बूट ही या पट्ट्याची खासियत.

एका वाड्यात, व्हिल्ला फोस्कारिनी रॉसीमध्ये, रॉसीमोदा कंपनीने दशकानुदशकं बनवलेले बूट मांडले आहेत. इव्ह सें लोराँसाठी बनवलेलेही त्यांत आहेत. जगाने ज्यांना पॅरिसचे बूट म्हणून पाहिलं ते या नदीकाठी शिवले गेले. ही कंपनी पुढे फ्रेंच एलव्हीएमएच समूहाकडे गेली, आणि त्याच समूहाने शेजारच्या फिएस्सो दार्तिकोत लुई व्हितोंचा बुटांचा कारखाना उभारला. ज्याचं नाव पेटीवर, त्याने अखेर कार्यशाळाच विकत घेतली.

दुपारी एका छोट्या कार्यशाळेत बसायला मिळालं. नमुने काढणारे म्हातारे गृहस्थ होते. त्यांनी फर्म्यावर, म्हणजे पायाच्या आकाराच्या साच्यावर, कागदी चिकटपट्टी घट्ट लपेटली, तिच्यावर पेन्सिलीने बुटाचं चित्र काढलं, रापीने पट्टी मधोमध चिरली आणि सोलून सपाट केली. गोल पायाचा सपाट नकाशा झाला. त्यावरून चामडं कापायचं. बोलता बोलता त्यांनी फर्म्याची नखाएवढी कड घासली आणि बोटाने चाचपून पुन्हा घासली. टाच उंच झाली की अंगाचं वजन पुढच्या पंजावर येतं, म्हणून कमान नेमकी कुठे उचलायची हे फर्म्यातच ठरतं. नंतर कितीही चांगलं चामडं लावा, उपयोग नाही. चामडं ताणून बसवल्यावर फर्मा आतच ठेवतात. घाईच्या कारखान्यात गरम हवा मारून मिनिटांत काढतात, इथे तो दिवसच्या दिवस राहतो. बूट वर्षभराने बेढब होतो की नाही, ते त्या दिवसांवर ठरतं.

मी कोल्हापूरकडचा आहे कळल्यावर त्यांनी विचारलं, ‘‘तुमची ती चप्पल कुठल्या फर्म्यावर करतात?’’

फर्म्यावर करतच नाहीत, मी सांगितलं. तळ मापाने कापतात, कान आणि पट्टा शिवतात, अंगठा बसवतात. बाकीचं काम पाय करतो. आठवडाभर चप्पल चावते, मग तेल पिऊन ती त्या पायाची होते.

ते हसले. ‘‘आमचं गिऱ्हाईक आठवडा थांबत नाही. दुसऱ्या दिवशी परत पाठवतं.’’

मिलानमधला तो प्रसंग त्यांना ठाऊक होता. जून 2025 मध्ये प्राडाने पुरुषांच्या फॅशन शोमध्ये कोल्हापुरीसारख्या चपला उतरवल्या, कोल्हापूरचं नाव न घेता. आपल्याकडे गदारोळ झाला, महाराष्ट्र चेंबरने पत्र लिहिलं, आणि कंपनीने प्रेरणा भारतीय पादत्राणांची असल्याचं मान्य केलं. वर्षाच्या अखेरीस महाराष्ट्र आणि कर्नाटकाच्या चर्मोद्योग महामंडळांशी करार करून दोन हजार जोड काढण्याचं जाहीर झालं. किंमत आठशे युरोच्या आसपास. म्हाताऱ्यांना चोरीचं विशेष वाटलं नाही. ‘‘चाळीस वर्षं मी बूट करतोय,’’ ते म्हणाले. ‘‘माझं नाव कुठल्या बुटावर आहे?’’

मला हे उत्तर पुरेसं वाटलं नाही. त्यांचं नाव बुटावर नसलं तरी त्यांच्या मागे संघटना आहे, जवळच व्हिगोन्झात पोरांना हे काम शिकवणारी बुटांची शाळा आहे, आणि त्यांच्या मजुरीचा दर पॅरिसच्या माणसाला फोन करून ठरवता येतो. आपल्याकडच्या कोल्हापुरी चपलेला 2019 मध्ये भौगोलिक मानांकन मिळालं. ते मोलाचं आहे, पण मानांकन कारागिराचा दर ठरवत नाही.

गुरुवार, व्हेनिस

गाडी दुपारची, म्हणून सकाळी सान तोमा चौकात गेलो. चौकात मोचीकाम करणाऱ्यांच्या संघाची जुनी इमारत आहे, 1446 मध्ये त्यांच्या ताब्यात आलेली. दारावर शिल्प आहे, संत मार्क एका चांभाराचा हात बरा करतोय. अलेक्झांड्रियात मार्कची वहाण तुटली, ती शिवताना अनियानुस नावाच्या चांभाराला आरी लागली, मार्कने जखम भरून काढली आणि पुढे तोच अनियानुस अलेक्झांड्रियाचा बिशप झाला, अशी कथा.

आमच्याकडेही संत रोहिदास आहेत, बसवण्णांच्या काळचे हरळय्या आहेत. संत दिले, पण गावातल्या मुख्य चौकात दगडी इमारत दिली नाही. चामड्याला हात लावणाऱ्याचं घर गावकुसाबाहेर. व्हेनिसच्या चांभाराला कुणी सरदार मानत नव्हतं, पण तो शहराच्या मध्यावर, आपल्या नावाच्या दारातून आत जात होता. इटलीच्या बुटाला भाव का येतो याची कारणं सांगताना लोक रेनेसान्स आणि सौंदर्यदृष्टी सांगतात. मी हे दारही सांगेन.

शुक्रवार, मोंतेग्रानारो

आद्रियाटिकच्या काठाने खाली उतरत आलो की मार्के प्रांत. चिव्हितानोव्हाहून बस टेकडी चढते. दर टेकडीवर एक गाव आणि गावात बूट. फेर्मो आणि माचेराता या दोन जिल्ह्यांत मोंतेग्रानारो, मोंते उरानो, पोर्तो सांतएल्पिदिओ, मोंते सान जुस्तो अशी गावांची रांगच आहे. कुणाकडे फक्त टाचा, कुणाकडे फक्त तळ, कुणाकडे पेट्या, कुणाकडे वरचे भाग शिवण्याचं काम. एक बूट पुरा होईपर्यंत त्याचे भाग चार-पाच गावं फिरतात.

यामागे शेती आहे. इथे अर्धेलीने जमीन कसत, पीक मालकाशी वाटून घेत. पोट भरायला मोठं कुटुंब लागे, आणि हिवाळ्यात तेच कुटुंब तळघरात बूट शिवे. अर्धेलीचे नवे करार 1964 च्या कायद्याने बंद झाले, तोवर घरं कार्यशाळा झालेलीच होती. कुटुंबप्रमुख मालक, भाऊ कापणारा, वहिनी शिवणारी, हिशेब आजीकडे. कासेत्ते देतेच्या देल्ला व्हाल्ले कुटुंबाचा धंदाही आजोबांच्या अशाच छोट्या कार्यशाळेतून सुरू झाला. पुढे तो टॉड्स झाला. तळाला 133 रबरी गाठी असलेला त्यांचा मऊ बूट जगभर विकला गेला, आणि रोमच्या कलोसियमच्या डागडुजीला त्यांनीच अडीच कोटी युरो दिले.

बाकीच्यांचं तसं नाही. या पट्ट्याने बराच माल रशियाला विकला. 2014 मध्ये रुबल पडला तेव्हा पहिला फटका बसला. मार्च 2022 मध्ये युरोपीय संघाने तीनशे युरोंवरच्या चैनीच्या वस्तू रशियाला पाठवायला बंदी घातली, तेव्हा दुसरा. मोंतेग्रानारोच्या खालच्या रस्त्यावर कार्यशाळांच्या शटरवर ‘भाड्याने देणे’ अशा पाट्या एकामागून एक दिसतात. एका उपाहारगृहात जेवताना शेजारच्या टेबलावरच्या बाईंनी सांगितलं, की मुलगा बोलोन्यात संगणकाचं काम करतो आणि त्यांना त्याचं वाईट वाटत नाही. ऐंशीच्या दशकात इटली वर्षाला पन्नास कोटींच्या आसपास जोड काढी, आज हा आकडा पंधरा कोटींच्या आत आला आहे. तरी किमतीच्या हिशेबात निर्यातीत चीन आणि व्हिएतनामच्या मागोमाग इटलीच.

शनिवार

दिवसभर प्रवास. पाऊस.

रविवार, फ्लॉरेन्स

फेरागामोचं संग्रहालय आर्नोकाठच्या पालात्सो स्पिनी फेरोनी वाड्यात आहे. साल्व्हातोरे फेरागामो हॉलिवूडहून 1927 मध्ये परतला आणि 1933 मध्ये त्याचं दिवाळं निघालं. पुन्हा उभा राहतोय तोच मुसोलिनीने इथिओपियावर हल्ला केला आणि इटलीवर निर्बंध आले. बुटाच्या कमानीत घालायचं चांगलं पोलाद मिळेना. मग त्याने सार्डिनियाचं बूच टाचेखाली भरलं आणि सपाट तळाची जाड टाच जन्मली. दोन तास पुरतात. तिकीट महाग आहे, पण फर्म्यांच्या खोलीसाठी ते द्यावं.

सोमवार, सांता क्रोचे

फ्लॉरेन्सहून पिसाच्या गाडीने सान रोमानो स्टेशनवर उतरलो आणि वास आधी आला. कोल्हापुरात कातडी कमावण्याच्या जागेजवळून गेलेल्याला तो ओळखीचाच वाटेल. इथे चामडं कमावतात. इटलीतल्या बुटांच्या तळाचं चामडं बहुतांशी याच परिसरातून जातं.

झाडांच्या सालीच्या आणि लाकडाच्या अर्काने कमावण्याची जुनी रीत इथल्या काही कारखान्यांनी जपली आहे. त्यासाठी चेस्टनट, केब्राचो आणि मिमोसा वापरतात. मिमोसा म्हणजे बाभळीचंच भावंड. आपल्याकडे बाभळीची साल आणि हिरडा घालून, कातड्याचीच पिशवी शिवून, ती टांगून आत रस मुरवत. इथे आधी खड्ड्यांच्या रांगा, मग लाकडी ढोल. काही आठवडे जातात. क्रोमने हेच काम एका दिवसात होतं.

फरक मला पाण्यात दिसला. एकट्यादुकट्या कारखान्याला सांडपाण्याचं शुद्धीकरण परवडणार नाही, म्हणून सगळ्यांनी मिळून मोठी केंद्रं उभारली आणि त्यांच्या नळ्या कारखान्याकारखान्यापर्यंत नेल्या. प्रत्येकजण आपापल्या पाण्याचे पैसे भरतो आणि तो खर्च चामड्याच्या किमतीत उतरतो. अर्थात इटलीच्या चामड्याच्या धंद्यात सगळं आलबेल नाही. चामड्याच्या पिशव्यांचं काम उपठेक्याने देताना मजुरांची पिळवणूक रोखली नाही, म्हणून मिलानच्या न्यायालयाने 2024 मध्ये आर्मानी आणि दिओर यांच्या उत्पादन कंपन्यांवर देखरेख बसवली होती. पुढच्या वर्षी ती उठली. ब्रेंताच्या म्हाताऱ्यांना विचारलं तर म्हणतील, नाव एकाचं आणि हात दुसऱ्याचे असले की असंच होणार.

मला इथल्या बुटाचं अप्रूप कमी झालं आणि इथल्या नळ्यांचं वाढलं. आठशे युरोच्या चपलेवरून आपण भांडलो, ते बरंच झालं. पण कोल्हापूरच्या पंचगंगेत काय सोडायचं आणि त्याचा खर्च चपलेच्या किमतीत कुणी धरायचा, हे भांडण अजून बाकी आहे, आणि ते प्राडाशी नाही.

पुढचा लेखांक बार्लेत्ताहून. तिथे कामगारांचे सुरक्षा-बूट बनतात, आणि त्यांच्यावरून फॅशनच्या जगात कुणी भांडत नाही.