पलांतीर शिळा आणि मनाची कडी

दोन मनांमध्ये शब्दावाचून विचारांची देवघेव घडवून आणणारी जादूची वस्तू अद्भुतकथांमध्ये वारंवार आढळते. परंतु अशा वस्तूने नेमके काय पोहोचवावे आणि काय पोहोचवू नये, याचा जितका काटेकोर विचार जे. आर. आर. टोल्किन यांनी 'पलांतीर' या कल्पित शिळांच्या बाबतीत केला, तितका अन्यत्र क्वचितच झाला असेल. 'द लॉर्ड ऑफ द रिंग्ज' या 1954 आणि 1955 या वर्षांत प्रसिद्ध झालेल्या कादंबरीत या शिळा प्रथम वाचकांसमोर आल्या, आणि त्यांच्या कार्यपद्धतीविषयीचे टोल्किन यांचे स्वतंत्र टिपण त्यांचे पुत्र ख्रिस्तोफर टोल्किन यांनी 1980 साली 'अनफिनिश्ड टेल्स' या संग्रहात संपादित करून प्रसिद्ध केले. कादंबरीच्या तुलनेत हे टिपण फारच कमी वाचले जाते, ही खेदाची गोष्ट आहे, कारण शिळेचे खरे मर्म त्यातच उलगडते.

पलांतीर म्हणजे काळ्याभोर, काचेसारख्या गुळगुळीत पदार्थाचा भरीव गोल. समुद्रापलीकडून मध्यभूमीत, म्हणजे कथेतील जगात, आणलेल्या अशा सात शिळा होत्या. त्यांतील लहान शिळांचा व्यास सुमारे एक फूट होता, तर ओस्गिलिअथ नगरातील मुख्य शिळा एका माणसाला उचलताही येत नसे. लहान शिळांना ठरावीक वर-खाली बाजू असत आणि दिशाही ठरलेल्या असत, त्यामुळे गोल नीट बसवल्याशिवाय तो केवळ एक निर्जीव गोटा राहत असे, आणि ज्याला पश्चिमेकडचे पाहायचे असेल त्याला शिळेच्या पूर्वेला उभे राहून पाहावे लागे. दोन शिळांसमोर दोन व्यक्ती एकाच वेळी उभ्या राहिल्या, म्हणजे त्यांना एकमेकींशी संवाद साधता येई, आणि तो चोरून ऐकण्याची सोय ओस्गिलिअथच्या शिळेखेरीज कोणत्याही शिळेत नव्हती.

हा संवाद ध्वनीचा नव्हता. शिळेतून आवाज जात नसे, विचार जात असे. पण तेथेही टोल्किन यांनी एक मर्यादा घातली आहे, आणि या सर्व कल्पनेतील सर्वांत मोलाची गोष्ट तीच होय. पलीकडे जात असे तो संपूर्ण विचार नव्हे किंवा मनातला हेतूही नव्हे, तर जे सांगायचे असे व्यक्तीने ठरवले आहे आणि ज्याने तिच्या मनात आधीच भाषेचे रूप घेतले आहे, तेवढेच. त्याला 'मूक बोलणे' म्हणता येईल. याच विषयावर त्यांनी 1960 च्या सुमारास लिहिलेला 'ओसान्वे-केन्टा' हा निबंध 1998 साली प्रकाशित झाला. त्यात अशी मांडणी आहे की प्रत्येक मन स्वभावतः उघडे असते, परंतु ते स्वेच्छेने मिटून घेता येते, आणि एकदा मिटलेले मन बाहेरून कोणत्याही बळाने उघडता येत नाही. म्हणूनच मेल्कोरसारख्या महाबलाढ्य दुष्टालाही मैत्रीचे सोंग घेऊन, समोरच्याकडूनच कडी काढून घ्यावी लागते. नात्याची जवळीक, प्रसंगाची निकड आणि अधिकार, या तीन गोष्टींमुळे मनामनांतील संवाद बळकट होतो, असेही तेथे म्हटले आहे.

मराठी वाचकाला हा विचार परका वाटण्याचे कारण नाही. पतंजलींच्या योगसूत्रांतील विभूतिपादात 'परचित्तज्ञान', म्हणजे दुसऱ्याचे चित्त जाणण्याची सिद्धी सांगितली आहे, आणि लगेच तिची मर्यादाही नोंदवली आहे: चित्त रागयुक्त आहे एवढे योग्याला कळते, पण तो राग, म्हणजे ती आसक्ती, कोणत्या विषयावर जडली आहे हे त्या सिद्धीतून कळत नाही. महाभारताच्या भीष्मपर्वात मात्र व्यास संजयाला असा वर देतात की इतरांनी मनात चिंतलेलेही त्याला समजेल. तेथे मर्यादा नाही, कारण कथेला सर्वज्ञ निवेदक हवा आहे. आणि चांगदेवांची कथा तर अधिकच जवळची आहे. वयाने लहान पण अधिकाराने थोर अशा ज्ञानदेवांना मायना काय लिहावा, या पेचात सापडलेल्या चांगदेवांनी कोराच कागद पाठवला, अशी परंपरा सांगते. त्या कोऱ्या कागदातले सारे ज्ञानदेवांना उमगले खरे, तरी उत्तरादाखल कोरा कागद परत गेला नाही. निवृत्तिनाथांच्या आज्ञेवरून पासष्ट ओव्या रचाव्या लागल्या. मनाला मन भिडल्यावरही शब्दांची गरज उरते, हे जाणणारी आपली परंपरा टोल्किन यांच्या मूक बोलण्याच्या फार निकट आहे.

शिळेच्या या मर्यादेचे भयंकर रूप कादंबरीतील डेनेथॉरच्या वृत्तांतात दिसते. गोंडोर राज्याचा हा कारभारी खंबीर मनाचा होता, आणि सारुमान हा जादूगार जसा कथेतील महादुष्ट सॉरॉनचा अंकित झाला, तसा तो कधीच झाला नाही. परंतु शिळेत त्याला तेवढेच दिसत गेले, जेवढे सॉरॉनने दिसू दिले. अखेरीस नदीतून वर येणारी काळ्या शिडांची गलबते त्याने पाहिली. गलबते खरी होती, शिडे खरीच काळी होती. त्यांवर आता गोंडोरच्या मदतीला येणारा अ‍ॅरागॉर्न आणि मित्रसैन्य आहे, एवढेच त्याला ठाऊक नव्हते. खोटे काहीही न दाखवता एका जाणत्या पुरुषाला चितेपर्यंत नेता येते, हे टोल्किन यांनी ज्या संयमाने दाखवले आहे, त्याला तोड नाही.

न्यूझीलंडमधील वाचकांना ही शिळा बहुधा पीटर जॅक्सन यांच्या चित्रत्रयीतून परिचित असते, आणि ते स्वाभाविकही आहे, कारण ही चित्रत्रयी घडली वेलिंग्टनमध्येच: वेटा वर्कशॉप मिरामारमध्ये, 'द रिटर्न ऑफ द किंग'चा जागतिक प्रथम खेळ 1 डिसेंबर 2003 रोजी एम्बसी थिएटरमध्ये, आणि जॅक्सन यांचे बालपण पुकेरुआ बे येथे. मात्र पडद्यावर सारुमानला सॉरॉनचा आवाज ऐकू येतो. प्रेक्षकांसाठी ते आवश्यक असेलही, पण त्यामुळे मूक बोलण्याची कल्पनाच पुसली जाते. आणि चित्रपटगृहांत दाखवलेल्या आवृत्तीत डेनेथॉरची शिळा समोर येत नाही, हे नुकसान त्याहून मोठे आहे.

वेलिंग्टनच्या उत्तरेकडील जॉन्सनव्हिल उपनगरात राहणाऱ्या मराठी कुटुंबाला तरी डेनेथॉरचा प्रसंग समजायला जड जाऊ नये. दिवाळीत न्यूझीलंडची घड्याळे भारताच्या साडेसात तास पुढे असतात. इकडे जेवणे आटोपून भांडी घासून होतात, तेव्हा तिकडे पुण्यात दुपारचा चहाही झालेला नसतो. व्हिडिओ कॉलवर आई फराळाचे ताट दाखवते, दारातली रांगोळी दाखवते, आणि गुडघ्याला बांधलेला पट्टा चौकटीबाहेर ठेवते. इकडचा मुलगाही नोकरीतली अडचण बोलत नाही. दोघांनी दाखवलेले सारे खरेच असते. येथे सॉरॉन कोणी नाही, लपवणारी माया आहे, पण चौकट कोण धरतो हा प्रश्न दोन्हीकडे सारखाच लागू पडतो. फरक असा की टोल्किन यांनी सांगितलेल्या तीन बळांपैकी नात्याची जवळीक येथे पुरेपूर असते, आणि म्हणूनच "तू बसूनच का बोलतेस?" असे मुलगा विचारतो, तेव्हा कडी आतून काढायची की नाही, हे आईला त्याच क्षणी ठरवावे लागते.