अगं, आकडा सांग

पतसंस्थेत हिशेबाचं काम करून मला एकवीस वर्षं झाली. संध्याकाळी रोकड जुळली नाही, तर दहा रुपयांसाठी रात्री नऊपर्यंत बसलोय आम्ही. मोठा फरक चटकन सापडतो. लहान फरकाच्या पोटात काय दडलंय ते सांगता येत नाही, हे आमच्याकडे नव्या पोराला पहिल्याच आठवड्यात कळतं. ते शहाणपण मी रोज ऑफिसातच ठेवून घरी येते, हे मला 2025च्या जानेवारीत कळलं.

माझ्या क्रेडिट कार्डाचं स्टेटमेंट दर महिन्याच्या 18 तारखेला मेलवर येतं. ते उघडायला पासवर्ड घालावा लागतो, म्हणून बहुतेक वेळा मी ते उघडतच नाही. मेसेजमध्ये आलेली रक्कम भरायची आणि मोकळं व्हायचं. त्या महिन्यात रक्कम जरा फुगलेली वाटली. शनिवार होता, जेवणं झाली होती, म्हणून चष्मा लावून बसले.

पेट्रोल, किराणा, संक्रांतीच्या वाणाचे डबे, सगळं ओळखीचं. मग 9 तारखेची एक ओळ आली. तीन-चार इंग्रजी अक्षरांचं कडबोळं, त्यामागे ‘हेल्थ’, त्यामागे अर्ध्यात तुटलेलं ‘प्रायव्हेट’, शेवटी गुरुग्राम. रक्कम 2,349. आम्ही नाशिकचे. गुरुग्रामला आमचं कोणी नाही, त्या नावाचं दुकान मी उभ्या जन्मात ऐकलेलं नाही. छातीत धस्स झालं. नवऱ्याला विचारलं, तो म्हणाला, “मी तुझं कार्ड कधी वापरतो?” मुलाला हॉस्टेलवर फोन लावला, तो उलट माझ्यावरच उखडला.

त्या ओळीच्या थोडं वर, 6 तारखेला, आणखी एक नोंद होती: एक डॉलर, म्हणजे 86 रुपये 40 पैसे. तिच्याखाली मार्कअप म्हणून 3 रुपये 2 पैसे आणि त्यावर जीएसटी 54 पैसे. मी ते वाचलं. बँकेचा कसला तरी आकार असेल म्हणून पुढे गेले. एकवीस वर्षं हिशेब लिहिणारी बाई!

हेल्पलाइनला फोन लावला. बरीच गाणी ऐकवून झाल्यावर एक मुलगी आली. तिने तारीख विचारली, थोडं थांबली आणि म्हणाली, “मॅडम, हा व्यवहार ओटीपी टाकून झालाय. कॅटेगरी औषधांच्या दुकानाची दिसतेय.” मी भडकले. ओटीपी कोणाला सांगू नये म्हणून आमच्या संस्थेत भिंतीवर मोठा फलक आहे, आणि तो मीच लावून घेतलाय. “मी कोणालाही ओटीपी दिलेला नाही, तुम्ही कार्ड बंद करा आणि तक्रार लिहून घ्या,” असं ठणकावून सांगितलं. तिने निमूट दोन्ही केलं. कार्ड कायमचं बंद, नवं आठवड्याभरात.

सकाळी उठून पाहते तर फोनवर तीन मेसेज. पहाटे तीनच्या सुमाराला कोणीतरी त्याच कार्डावर 49 डॉलर, पुन्हा 49 डॉलर, मग 120 डॉलर ओढायचा प्रयत्न केला होता. कार्ड बंद असल्याने तिन्ही नाकारले गेले होते. मला वाटलं, बघा, गुरुग्रामचा चोर आता अमेरिकेत पोचला.

माझा भाचा पुण्यात एका पेमेंट गेटवे कंपनीत आहे. त्याला फोन केला. त्याने सगळं ऐकून घेतलं आणि एकच विचारलं, “मामी, ओटीपी कुठल्या नोंदीला आला होता आणि कुठल्या नाही?”

तो प्रश्न मला रात्रीच सुचायला हवा होता. भारतात ऑनलाइन कार्ड वापरताना ही दुसरी खात्री 2009पासून सक्तीची आहे. परदेशातल्या दुकानांना ती सक्ती नाही. कित्येक ठिकाणी कार्डाचा नंबर, मुदत आणि मागचे तीन आकडे एवढ्यावर काम होतं. म्हणजे ओटीपी असलेली नोंद बहुधा आपल्याच घरातून गेलेली असते, नाहीतर कोणीतरी गोड बोलून आपल्याकडूनच आकडा काढून घेतलेला असतो. ओटीपीशिवाय झालेल्या नोंदीकडे आधी बघायचं.

“जुने मेसेज उघडा,” तो म्हणाला. उघडले. 9 जानेवारी, संध्याकाळी सात चाळीस. सहा आकडे, 2,349 रुपये, आणि तेच कडबोळं नाव. मेसेज वाचलेला होता.

सात चाळीस म्हणजे आमच्याकडे कुकर लावायची वेळ. कुकरची शिट्टी आठवली आणि पाठोपाठ सासूबाईंचा आवाज: “अगं, तुझ्या फोनवर आकडा आलाय बघ, सांग जरा.” आणि मी पिठाच्या हाताने, फोन कोपराने सरळ करून, सहाच्या सहा आकडे स्वयंपाकघरातून ओरडून सांगितले होते. औषधांच्या अॅपवर माझं कार्ड जोडलेलं आहे, त्यांच्या रक्तदाबाच्या गोळ्या तिथूनच येतात. त्या दिवशी त्यांनी टॅबवर गुडघ्याला शेक देणारे विजेवरचे पट्टे मागवले होते. मंगळवारी पार्सल आलंही होतं, संक्रांतीच्या गडबडीत. ते मीच दारात घेतलं आणि त्यांच्या खोलीत नेऊन ठेवलं.

अॅपचं नाव मला पाठ आहे. स्टेटमेंटवर मात्र ते नव्हतं. भाच्याने समजावलं की यंत्रांच्या आपसातल्या संदेशात दुकानाचं नाव, गाव आणि देश मिळून चाळीस अक्षरांची जागा असते, आणि तिथे पुष्कळदा पाटीवरचं नाव न येता कंपनीचं कागदोपत्री नाव येतं. स्विगीची कंपनी कितीतरी वर्षं बंडल टेक्नॉलॉजीज होती, नायकाची एफएसएन ई-कॉमर्स. गाव म्हणून नोंदणीचं ऑफिस येतं, माल भिवंडीच्या गोदामातून आलेला असला तरी. त्याशिवाय प्रत्येक दुकानामागे धंद्याचा चार आकडी कोड असतो. 5912 म्हणजे औषधांचं दुकान. बँकेची ती मुलगी तेच तर सांगत होती. औषधांचं दुकान म्हटल्यावर आमच्या घरात पहिलं कोणाकडे बघायला हवं होतं, ते शेंबडं पोरही सांगेल.

मग राहिला एक डॉलर. “ही चाचणी होती,” भाचा म्हणाला. चोरलेला नंबर चालतो का हे बघायला आधी चिल्लर ओढतात. कार्डवाला गप्प बसला की मोठा हात मारतात. माझ्या बाबतीत मोठा हात त्याच रात्री आला आणि कार्ड आधीच बंद निघालं. चुकीच्या कारणासाठी केलेल्या आरडाओरड्याने वीसेक हजार रुपये वाचले! आमच्या ऑडिटरसमोर हे कबूल करायची माझी हिंमत नाही.

नंबर कुठून फुटला ते कळलं नाही. पण दार कोणी उघडं ठेवलं ते कळलं. दोन वर्षांपूर्वी लेकीकडे सिंगापूरला गेलो तेव्हा बँकेच्या अॅपमध्ये कार्डाचा आंतरराष्ट्रीय वापर सुरू केला होता. 2020च्या रिझर्व्ह बँकेच्या नियमामुळे नवं कार्ड येतं ते फक्त देशातल्या वापरापुरतं. बाहेरचं आपण सुरू करायचं, आपणच बंद करायचं. परत आल्यावर बॅगा उपसल्या, कपडे धुतले, ते बटण तसंच राहिलं.

रविवारी दुपारी पुन्हा हेल्पलाइन. आता एका डॉलरची तक्रार लिहायची होती आणि पट्ट्यांची मागे घ्यायची होती. दुसरं काम जास्त लाजिरवाणं. ती तक्रार तशीच पुढे गेली असती, तर बँकेने त्या कंपनीकडे पैसे परत मागितले असते, कंपनीला ओटीपीचे पुरावे काढत बसावं लागलं असतं, आणि पट्टे मात्र आमच्याच घरात. चोर शोधायला निघालेली मीच उद्या चोर ठरले असते.

डॉलरच्या तक्रारीत एक खोच निघाली. रिझर्व्ह बँकेच्या तेव्हा लागू असलेल्या 6 जुलै 2017च्या परिपत्रकाप्रमाणे चूक आपली किंवा बँकेची नसेल आणि तीन कामकाजाच्या दिवसांत कळवलं तर आपल्यावर काहीच भार नव्हता. चार ते सात दिवसांत कळवलं तर ठरावीक मर्यादेपर्यंत भार. माझ्यासारख्या पाच लाखांच्या आतल्या मर्यादेच्या कार्डाला जास्तीत जास्त दहा हजार. त्यापुढे बँकेच्या धोरणावर. आणि हे दिवस मोजायचे ते बँकेने कळवल्यापासून, आपण स्टेटमेंट उघडल्यापासून नव्हे. मला मेसेज 6 तारखेलाच आला होता. मी कळवलं 19ला.

तरी पैसे मिळाले. खात्री न करता कार्ड घेतलं तर नुकसान बहुधा त्या दुकानाच्या बाजूला जातं, म्हणून बँकेला ते वसूल करता आले असावेत. आठवड्याभरात तात्पुरते जमा, मार्चमध्ये कायमचे. मार्कअप परत आला, चोरावर लावलेला 54 पैशांचा जीएसटीसुद्धा आला. तो मी मुद्दाम तपासला.

नव्या कार्डाने मात्र जीव काढला. वीजबिल, मोबाइल, विमा, सगळीकडे नंबर पुन्हा जोडा, पुन्हा ओटीपी, पुन्हा संमती. विम्याचा एक हप्ता त्यात राहून गेला आणि दंडासकट भरावा लागला. तो दंड त्या डॉलरपेक्षा जास्त होता.

सासूबाईंना मी काही बोलले नाही. नवऱ्याने सांगितलं. त्या म्हणाल्या, “मग मी तिलाच तर विचारलं होतं.” यावर उत्तर नव्हतं.

फेब्रुवारीचं स्टेटमेंट 18 तारखेला आलं तेव्हा मी पासवर्ड घालून, पेन्सिल घेऊन बसले. मधोमध तेच कडबोळं, तेच अर्धं ‘प्रायव्हेट’, तेच गुरुग्राम, 2,349. या वेळी पुढे ‘सीआर’, म्हणजे जमा. मी बरोबरची खूण केली. पट्टे घट्ट होत होते, म्हणून सासूबाईंनी परत पाठवले होते.