ती नाटकं तुझ्या एकट्याची नव्हती

प्रिय दादा,

फोनवर तू सहज बोलून गेलास, ‘पडदा पडला की नाटक संपलं, त्याचं काय जपायचं?’ आपल्या नाटकांना पडदा तरी कुठे होता रे?

पळसदेवचा प्रयोग आठवतो ना? उजनीचं पाणी चढलं आणि ज्यांचं गाव त्यात गेलं, त्यांच्यासमोर तू नाटक करायला निघालास. नेपथ्य नाही, दिवे नाहीत. शाळेच्या मैदानात फक्कीनं घर आखलंस. सोपा, माजघर, मागं परडं. नट चुलीपाशी म्हणून बसला, तशा एक आजी उठल्या. ‘तिथं न्हाय रं, चूल हिकडं व्हती,’ म्हणत थेट रेषेच्या आत आल्या. त्यांचे दीर उठले, म्हणाले, वैनी, तुला काय आठवत न्हाय. नट गांगरला. तू मात्र कुणालाच थांबवलं नाहीस. पुढचं सगळं नाटक त्या दोघांनीच नेलं. उन्हाळ्यात पाणी उतरलं की पळसनाथाचं देऊळ उघडं पडतं, लोक होडीनं बघायला जातात. आजींची चूल कशी वर येणार होती? ती त्या संध्याकाळी आली.

प्रायोगिक नाटक मला तिथं कळलं. पुढे एलकुंचवारांचं ‘आत्मकथा’ पाहिलं. म्हातारे लेखक राजाध्यक्ष प्रज्ञाला आपलं आयुष्य सांगतात आणि तेच आयुष्य उत्तरा-वासंतीकडून आलं की निराळंच निघतं. बरोबरचे म्हणाले, अवघड आहे. मला नाही वाटलं. मी त्या आजी आणि त्यांचे दीर पाहिले होते. आणि आळेकरांचं ‘बेगम बर्वे’, तुझं लाडकं! संगीत नाटकातल्या स्त्रीभूमिकांच्या आठवणीवर जगणारा, उदबत्त्या विकणारा तो बर्वे. त्याच्याबद्दल बोलताना तुझा आवाज कापायचा. मग आठवणीचं काय करायचं, हे तू मला कसं विचारतोस?

‘बेगम बर्वे’ १९७९ साली आलं, छापलं गेलं, पुन्हा पुन्हा बसवलं गेलं. पुण्यात थिएटर अकादमी होती, दादरला छबिलदास शाळेत आविष्कारनं प्रायोगिकांना घर दिलं. त्यांना लिहिणारे भेटले. बारामती-इंदापूरकडे कोण फिरकलं? बारामतीचेच कवी मोरोपंत १७९४ साली गेले, पण त्यांच्या आर्या कीर्तनकारांनी तोंडपाठ ठेवल्या. तुझ्या नाटकांत पाठ करण्यासारखं थोडंच होतं, जे होतं ते माणसामाणसांत घडायचं. ते आता पाहणाऱ्यांपाशीच उरलंय आणि पाहणारे एकेक करून चाललेत. त्या आजीही गेल्या.

संहितांच्या वह्या तू रद्दीत घातल्यास, आम्हाला विचारलंही नाहीस, याचा राग माझ्या मनातून जात नाही. एमआयडीसीत पाळ्या करून तू घर ओढलंस, मला शिकवलंस, हे कधी विसरणार नाही. त्या ऋणापायीच इतकी वर्षं गप्प बसले. पण दादा, ती नाटकं तुझ्या एकट्याची नव्हती.

जुनं नाटक जसंच्या तसं उभं कर, असं मी म्हणतच नाही. तुझा नट सांगतो, आजी शेवटी रडल्या. मला त्या हसलेल्या आठवतात. तू म्हणशील, दोन्ही खोटं. बसू दे ना आपल्याला तिघांना लोकांसमोर, ज्याचं त्याचं सांगत. नवं नाटक त्यातूनच निघेल. भिगवणकडची पोरं तयार आहेत. रोहित पक्षी बघायला आलेल्यांना ती होडीतून फिरवतात, कुठला पक्षी कुठं उतरतो ते सांगतात. आपण कुणाच्या अंगणावरून होडी नेतोय, हे मात्र त्यांना कुणी सांगितलेलं नाही. ते सांगायला तू पाहिजेस.

उन्हाळ्याच्या आत एक रविवार मोकळा कर. मैदानाची परवानगी मी काढते, आजींच्या दिरांना मी घेऊन येते. तारीख तेवढी तू कळव. आणि या वेळी वहीची एक प्रत माझ्याकडे राहील.

तुझी,
धाकटी