अडगळ आणि पहारेकरी

जुनी वस्तू भंगारात द्यायची म्हटले की माझा जीव कासावीस होतो. आमचा संगणक बारा वर्षांचा. १४ ऑक्टोबर २०२५ रोजी विंडोज १० चा नेहमीचा आधार संपला. आणि विंडोज ११ अशा म्हाताऱ्याला दारातही उभे करीत नाही. त्याला सुरक्षेची टीपीएम २.० चिप हवी!

पुतण्या म्हणाला, "काका, टायनी ११ घालू या." एनटीडेव्ह या टोपणनावाच्या कारागिराने २०२३ साली विंडोज ११ मधली अडगळ काढून हे सडसडीत रूप केले. जुन्या यंत्रावरही ते चालते, हे कबूल. पण त्याच्या 'कोअर' या अवतारात अडगळीबरोबर पहारेकरीही गेला: डिफेंडर बंद, सुरक्षेच्या सुधारणाही बंद. शिवाय कुणा अनोळख्याने आयते तयार करून ठेवलेले घ्यावे, तर आत काय कालवले असेल, कोण जाणे! त्यापेक्षा मूळ विंडोज घेऊन छाटणी घरीच केलेली बरी.

आम्ही तेच केले, आणि त्याचे इंटरनेटही तोडले. आता त्यावर नातवंडांचे खेळ आणि सौभाग्यवतींची नाट्यगीते चालतात. पेन्शनचे खाते मात्र दुसऱ्या यंत्रावर. म्हाताऱ्याला काम द्यावे, मानही द्यावा; पण ज्या घराला पहारा नाही, तिथे तिजोरी ठेवू नये.